सतराचे पंधरा

पन्नाशी ओलांडलेल्या बाईने मोबाईलवरच्या खेळाविषयी लिहावे याचे कोणालाही हसू येईल. आमच्या ह्यांना तर अजून येते. पण मी हा खेळ हौसेने धरला नाही. 2024 च्या पावसाळ्यात माझी शुगर वाढली आणि डॉक्टरांनी रोज अर्धा तास चालायला सांगितले. काज-बटणाचे काम करणारी बाई दिवसभर बसलेली असते. संध्याकाळी पाय उचलत नाहीत. आठ दिवस चालले, नवव्या दिवशी पाऊस आला, ते राहिलेच. तेव्हा माझ्या मुलाने त्याच्या जुन्या फोनमध्ये पोकेमॉन गो घालून दिले आणि म्हणाला, "आई, चालल्याशिवाय ह्यात काही मिळत नाही. बघ एकदा."

ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. पोकेमॉन नावाचे चित्रविचित्र जीव पकडायचे, वाढवायचे आणि एकमेकांशी लढवायचे असा हा खेळ. मूळ खेळ जपानातला. 1996 च्या फेब्रुवारीत तो गेम बॉय नावाच्या हातातल्या यंत्रावर आला. तो रचणारे सातोशी ताजिरी यांना लहानपणी किडे गोळा करायचा नाद होता, त्यातून ही कल्पना निघाली. चालत फिरत खेळायचा मोबाईलवरचा खेळ 2016 च्या जुलैत निघाला आणि त्याच वर्षी डिसेंबरात भारतात आला. रस्त्यावरचे पुतळे, बागा, जुन्या इमारती ह्या खेळात थांबे म्हणून दिसतात. उल्हासनगरात आमच्या घरापासून महापालिकेच्या बागेपर्यंत असे सहा थांबे आहेत. सहाही थांबे करून परत आले की अर्धा तास भरतो. शुगरचे काम आपोआप होते.

बागेच्या फाटकाशी मला एक मॅचॉप सापडला. त्याला वाढवत नेला की त्याचा मॅचॅम्प होतो. मॅचॅम्पला चार हात असतात. आमच्या धंद्यातल्या बाईला तो का आवडला, हे सांगायला नको. चार हात असते तर मी दिवसाला किती डझन काढले असते!

जीवाची ताकद वाढवायला स्टारडस्ट लागते. साधा जीव पकडला की 100 स्टारडस्ट मिळते. मी रोज चारपाचच पकडत होते. दीड महिन्यात सोळा हजार जमले. ते कुठे घालायचे हे ठरत नव्हते. पैसे साठवणाऱ्या बाईला खर्चायची घाई नसते.

मुलगा आणि मी रात्री जेवण झाल्यावर आमचे जीव एकमेकांशी लढवत असू. त्याला खर्च नाही. त्याचा अम्ब्रिऑन नावाचा काळा प्राणी, माझा मॅचॅम्प. मोठे वार करायचे नाहीत, नुसते साधे वार मारायचे, असे आम्ही ठरवले होते. कारण मला मोजायची सवय. अम्ब्रिऑन पडायला माझ्या मॅचॅम्पचे 17 वार लागत. रोज 17. पडद्यावर किती मार बसला हा आकडा येत नाही, नुसती पट्टी कमी होत जाते. म्हणून वार मोजणे हाच मार्ग.

एक दिवस मी मशीनवर असताना मुलाने माझे सगळे स्टारडस्ट मॅचॅम्पवर घातले. आईला खूश करावे म्हणून. लेव्हल 14 होती ती 18 झाली. एका लेव्हलला दोन पायऱ्या, म्हणजे आठ पायऱ्या, 15,200 स्टारडस्ट. रात्री हसत फोन हातात दिला, म्हणाला, "मार आता."

मी मोजले. सतरा.

पुन्हा लढवला. सतराच.

माझ्या तोंडून जे निघाले ते लिहायला लाज वाटते, पण लिहिते. मी म्हणाले, "घरी बसून दुसरं काय सुचणार तुला? माझी दीड महिन्याची चाल पाण्यात घातलीस." तो काही बोलला नाही. चप्पल घालून बाहेर गेला. हे ताटावरून माझ्याकडे बघत राहिले.

पोराची नोकरी सुटून तेव्हा वर्ष झाले होते. एमआयडीसीतल्या एका कारखान्यात कंत्राटावर होता. मग मिळेल ते हंगामी काम. "घरी बसून" हा शब्द त्याला कुठे लागला असेल, हे मला तो गेल्यावर कळले.

अकराच्या सुमारास तो परत आला, तो वही मागायलाच. माझी डझनांची वही घेतली आणि शेवटचे पान उघडले. "आई, वाया का गेलं ते सांगतो. मी विचारून आलो मित्राला." मी कपाळाला हात लावला. पण बसले.

हिशेब असा. माझ्या मॅचॅम्पच्या साध्या वाराची ताकद 5 होती. (कंपनी हे आकडे मोसमागणिक बदलत असते, म्हणून 5 हा कायमचा समजू नका.) त्याचे निम्मे अडीच. वार आणि मारणारा एकाच प्रकारचे असले की 1.2 ने गुणायचे, झाले 3. मारामारी प्रकारचा वार अंधार प्रकारच्या अम्ब्रिऑनला जास्त लागतो, म्हणून 1.6 ने गुणायचे, झाले 4.8. माणसामाणसांतल्या लढतीत आणखी 1.3 ने, झाले 6.24. आता माझ्या जीवाचा हल्ल्याचा आकडा भागिले त्याच्या जीवाचा बचावाचा आकडा. माझा हल्ला 123 होता, त्याचा बचाव 125. उत्तर आले 6.14.

"आता बघ," तो म्हणाला, "खेळ पॉइंटपुढचं सगळं कापून टाकतो. उरले 6. त्यात 1 मिळवतो. झाले 7. अम्ब्रिऑनचा जीव 115. साताने भाग. सोळा वारांत 112, तीन उरतात, त्याला सतरावा वार."

"आणि आता?"

"आता तुझा हल्ला 139.4 झाला. हिशेब केला तर येतात 6.96. कापले की पुन्हा 6. अधिक 1, सात."

मी वही ओढून घेतली. 6.96! चार शतांशांसाठी गेले. मी म्हणाले, "अरे, हे तर डझनासारखं आहे."

आमच्या कंत्राटदाराकडे सुटे शर्ट धरत नाहीत. बारा झाले की एक डझन, तेवीस झाले तरी एकच. अकरा शर्टांना काज केले, बोटाला सुई लागली, डोळ्यांतून पाणी काढले, तरी वहीत डझन एकच चढतो. गेली बावीस वर्षे मी हे करते आहे. कोणत्या वेळी उठायचे आणि कोणत्या वेळी आणखी दोन नग काढूनच उठायचे, हे मला पाठ आहे. एकविसाव्या नगावर उठणारी बाई नवखी. वर जो 1 मिळवतात तो मात्र आमच्या कंत्राटदाराने कधी दिला नाही. खेळात तो यासाठी की, कितीही दुबळा वार असला तरी निदान 1 तरी लागावा. खेळ रचणारे तेवढे तरी दयाळू.

ह्या अडणीला खेळणारी मुले ब्रेकपॉइंट म्हणतात. तो ओलांडला की मार एकदम एकाने वाढतो, ओलांडेपर्यंत काही वाढत नाही. त्याने सांगितले की मूळ गेम बॉयच्या खेळात दर वाराला नशिबाचा एक गुणक असतो, 85 टक्क्यांपासून 100 टक्क्यांपर्यंत कुठेही, म्हणून तिथे ही रेघ पुसट होते. मोबाईलवरच्या ह्या खेळात तसे नशीब नाही. तोच जीव, तोच वार, तोच समोरचा, तर मारही दर वेळी तेवढाच. म्हणून तर माझे सतरा रोज सतराच येत होते. मला हे आवडले. ज्यात नशीब नाही त्यात मोजून उपयोग होतो.

"मग पुढची पायरी किती?"

"2,200."

माझ्याकडे आठशे उरले होते. आणखी चौदा जीव पकडायचे. तीन दिवसांचे चालणे. मी त्याला एकच विचारले, आधी का नाही मोजलेस? तो पेन्सिल खाली ठेवून म्हणाला, "आई, माझंही असंच झालं. मला 231 व्या दिवशी काढलं."

ही गोष्ट त्याने घरात सांगितली नव्हती. 2023 साली जो कायदा होता त्यात वर्षात 240 दिवस भरले की सलग नोकरीचे एक वर्ष धरत, आणि मग कामावरून काढताना नोटीस, भरपाई यांचा हक्क लागू होई. नऊ दिवस आधी काढले की हातात काही नाही. "231 म्हणजे शून्यच. तिथं अधिक एकसुद्धा नाही," तो म्हणाला आणि हसला. मला हसता आले नाही. बरोबरच्या चौघांनाही तसेच काढले होते म्हणे. मोजणारा कोणीतरी तिकडेही बसला होता, आणि तो चांगला मोजत होता. आम्ही समजत होतो, पोराचेच काहीतरी चुकले असेल. ह्यांनी तर दोनदा बोलूनही दाखवले होते.

त्या रात्री मी त्याला "जेवलास का नीट" एवढेच विचारू शकले. आम्हा लोकांना माफी मागायची पद्धत ठाऊक नसते.

तीन दिवसांनी मी पायरी चढवली. लेव्हल साडेअठरा, हल्ला 141.3, हिशेब 7.05, मार 8. अम्ब्रिऑन पंधराव्या वाराला पडला. मी स्वयंपाकघरातून ओरडले, "सतराचे पंधरा!" शेजारच्या आत्याबाई धावत आल्या, त्यांना वाटले कोणाचे निकाल लागले.

पण पोरगा मुकाट्याने फोन घेऊन बसला होता. त्याने त्याच्या अम्ब्रिऑनला एकच पायरी दिली. 1,600 स्टारडस्ट. बचाव 125 चा 127.2 झाला. "मार आता." मी मारले. पुन्हा सतरा! माझे 7.05 चे 6.93 झाले होते आणि शेपूट कापले गेले होते. त्याच्या बाजूच्या ह्या रेघेला बल्कपॉइंट म्हणतात. मी सोळा हजारांवर घालून चढले, त्याने सोळाशेत उतरवले. मला राग यायला हवा होता. आला नाही. वर्षभरात पहिल्यांदा पोरगा खिदळून हसत होता.

एक खुलासा करते, नाहीतर जाणकार मुले मला नावे ठेवतील. ते 15,200 अगदीच पाण्यात गेले नव्हते. पायरी चढली की हल्ल्याबरोबर बचाव आणि जीवही वाढतो, त्यामुळे माझा मॅचॅम्प जास्त वेळ तग धरत होता. वाया गेले ते हल्ल्याच्या बाजूचे. आणि रेघ दर प्रतिस्पर्ध्यागणिक वेगळी. अम्ब्रिऑनसाठी काढलेला हिशेब दुसऱ्या जीवाला लावला तर फसगत. आणखी एक गंमत, जी मला समजायला आठवडा लागला. ज्या लढतीत जीवाच्या एकूण ताकदीला 1500 ची मर्यादा असते तिथे तिन्ही गुणांत पैकीच्या पैकी असलेला जीव बहुधा सर्वांत चांगला ठरत नाही. ती एकूण ताकद मोजताना हल्ल्याला जास्त वजन आहे. म्हणून हल्ला कमी आणि बचाव, जीव जास्त असलेला जीव त्याच मर्यादेत जास्त लेव्हल गाठतो. पण फार कमी हल्ल्याचा घेतला की एखादा ब्रेकपॉइंट हुकतो. पोरे ह्यावर तासन् तास वाद घालतात. मला वाटते, एवढा वेळ वादात घालवण्यापेक्षा जो जीव आवडतो तो वाढवावा आणि फक्त खर्च करण्याआधी एकदा भागाकार करावा. पण मी पडले म्हातारी.

आमचे ह्यांनीही एकदा वही बघितली. बराच वेळ बघून म्हणाले, "231 चं काय आहे हे?" पोराने पानाच्या कोपऱ्यात तो आकडा लिहून भोवती गोल केला होता. मी सांगितले. हे काही बोलले नाहीत. दुसऱ्या दिवशी कामावरून येताना त्याच्यासाठी फोनचा नवा चार्जर घेऊन आले. जुन्याची वायर महिनाभर चिकटपट्टीवर चालली होती.

माझी शुगर आता पुष्कळ खाली आहे. मॅचॅम्प लेव्हल 19 ला आहे, हल्ला 143.2. अम्ब्रिऑनवर पुन्हा आठाचा मार बसतो, 15 वारांत पडतो. म्हणजे आता पाळी पोराची. पण त्याला वेळ नाही. गेल्या महिन्यात त्याला दुसऱ्या ठिकाणी काम लागले, सकाळी साडेसहाला निघतो. परवा डझन मांडायला वही उघडली तर शेवटच्या पानावर, अम्ब्रिऑनच्या हिशेबाखाली, पेन्सिलीच्या उभ्या रेघा दिसल्या. पाच-पाचच्या जुड्या बांधलेल्या. मी मोजल्या. अठ्ठावीस होत्या. मी त्या पानाला हात न लावता पुढच्या पानावर माझे डझन मांडले.