घडी

मुलाच्या नव्या फ्लॅटमध्ये कपड्यांसाठी चक्क एक खोली आहे. 'वॉक-इन' म्हणे! आमच्या सगळ्यांचे कपडे एका लोखंडी कपाटात मावले.

पैठणी मात्र मी अजून आईच्याच पद्धतीने ठेवते. जुन्या, मऊ सुती कापडात गुंडाळून. डांबरगोळ्या जरीला लागू द्यायच्या नाहीत, जर काळी पडते. दर तीन-चार महिन्यांनी घडी बदलायची, नाहीतर रेशीम घडीवरच चिरतं. पावसाळा संपला की सावलीत वारा द्यायचा.

ते कापड म्हणजे ह्यांचं सणावारी नेसायचं धोतर. ह्यांना जाऊन सहा वर्षं झाली. सून म्हणाली, "आई, मलमलची नवी पिशवी आणते." म्हटलं, तुझ्या साड्यांना आण गं. माझी पैठणी आहे तिथेच बरी. घडी बदलताना तेवढीच भेट होते.