कापणाऱ्याची नोकरी

मागच्या आठवड्यात मी चार महिने खपून लिहिलेलं मॉड्यूल रिलीजमधून उडवलं. कोड चालत होता, बगही नव्हते. गरज उरली नाही, बस्स! घरी येऊन जाम चिडचिड केली आणि शनिवारी वॉल्टर मर्चचं एडिटिंगवरचं पुस्तक पुन्हा काढून बसलो.

'अॅपोकॅलिप्स नाऊ' (१९७९) च्या चौघा एडिटरांपैकी मर्च एक. कोपोलाने शूट केलेली फिल्म भरली २३० तासांच्या वर, पडद्यावर आले जेमतेम अडीच तास. मर्चने हिशेब मांडलाय : सगळे दिवस धरले तर एका एडिटरच्या वाट्याला दिवसाला दीड कटही येत नाही. मग बाकी वेळ करत काय होते? जोडून बघायचं, नाही पटलं की सोडवायचं, परत जोडायचं. आपलं तरी दुसरं काय चालतं?

कट कुठे मारायचा हे ठरवताना तो भावनेला ५१ टक्के वजन देतो. हाताची जागा जुळते की नाही वगैरे तांत्रिक गोष्टी सगळ्यात शेवटी. 'द इंग्लिश पेशंट' (१९९६) साठी एडिटिंग आणि साउंड, दोन्हीची ऑस्कर घेतलेला हा बाबा काम मात्र उभ्याने करतो, ओट्याशी उभं राहिल्यासारखं.

माझं दुःख गेलं का? नाही, पूर्ण नाही. पण आमच्या मॉड्यूलचे उरलेसुरले कॉल अजून कोडमध्ये लोंबकळतायत. सोमवारी जाऊन ते मीच काढणार आहे. उभ्याने.