दिवस जाणे

गर्भ राहण्याला मराठीने 'दिवस जाणे' म्हटले, त्यात वाट पाहणे गृहीतच आहे. मला ते जमले नाही. पाळीला चार दिवस असतानाच पहाटे चाचणी केली. दुसरी रेघ उमटली. इतकी पुसट, की पट्टी खिडकीशी धरून पाहावी लागली. नवऱ्याला ती दिसलीच नाही.

स्त्रीबीज सुटल्यावर साधारण सहा ते बारा दिवसांनी गर्भ गर्भाशयात रुजतो. चाचणी ज्या एचसीजी संप्रेरकाचा माग घेते, ते त्यानंतर कुठे रक्तात आणि लघवीत उतरू लागते. सुरुवातीला दर दोन-तीन दिवसांनी दुपटीने वाढते. म्हणून पाळी चुकेपर्यंत थांबावे, सकाळची पहिली लघवी घ्यावी. थांबण्याची सूचना पाकिटातल्या कागदावर छापलेली होती. (आणि मी वर्गात संहिता बारकाईने वाचायला शिकवते!)

पाळी एक दिवस उशिराने आली. डॉक्टर म्हणाल्या, असे पुष्कळदा होते, बहुतेकींना कळतही नाही. थांबले असते तर मलाही तो एक साधा महिनाच वाटला असता. तसे वाटलेले बरे झाले असते का, हे आजही ठरवता येत नाही. पुढच्या खेपेस मात्र तारीख उलटून आठ दिवस जाऊ दिले.