नाशिक : चार दरवाज्यांपाशी

माझी एक मैत्रीण छत्तीसगडमधल्या धमतरीच्या ख्रिस्ती रुग्णालयात नर्सिंग शिकली. पुढे ती नागपूरला आली आणि इथलीच झाली. एकदा पेपरातली युद्धाची बातमी वाचताना ती सहज म्हणाली, "आमच्या पंथात हत्यार धरत नाहीत गं. मारणाऱ्यावरसुद्धा हात उगारायचा नाही." तिचा पंथ मेनोनाइट. त्या एका वाक्याने मला कितीतरी दिवस स्वस्थ बसू दिलं नाही.

या पंथाची मुळं १५२५ सालच्या झुरिकमध्ये आहेत. कळत्या वयात, स्वतःच्या मर्जीने घेतलेला बाप्तिस्माच खरा, असं ही माणसं म्हणत. शपथ घ्यायची नाही आणि तलवार धरायची नाही, हे त्यांचे आणखी दोन नेम. कॅथलिक आणि प्रोटेस्टंट, दोन्ही राजवटींनी त्यांना बुडवून मारलं, जाळून मारलं. १५३६ मध्ये फ्रीसलंडमधला मेनो सायमन्स हा कॅथलिक धर्मगुरू पद सोडून त्यांना मिळाला. पंथाला पुढे नाव लागलं ते त्याचं. १५६९ मध्ये हॉलंडात डर्क विलेम्स नावाचा यांच्यातला एक जण कैदेतून निसटला आणि गोठलेल्या पाण्यावरून पळू लागला. मागे लागलेल्या माणसाच्या पायाखालचा बर्फ फुटला. डर्क मागे फिरला, त्याने बुडणाऱ्याला ओढून वर काढलं, आणि तिथेच तो पकडला गेला. पुढे त्याला जिवंत जाळलं. हिंदुस्थानात हे लोक आले ते १८९७ च्या दुष्काळात धान्याची मदत घेऊन. १८९९ मध्ये धमतरीला त्यांचं मिशन उभं राहिलं.

श्रद्धेचा हक्क मागायचा, मार खायचा आणि उलटा हात उचलायचा नाही, असं आपल्या मराठी मुलखात कुठे घडलं? उत्तरासाठी मला फार शोधावं लागलं नाही. धनंजय कीरांनी लिहिलेलं आंबेडकर-चरित्र विद्यार्थिदशेत वाचलं, तेव्हापासून नाशिकच्या काळाराम मंदिराचे चार दरवाजे माझ्या मनात उभे होते. ते डोळ्यांनी पाहायचे म्हणून मी निघाले.

नाशिकरोडला उतरलं की हे शहर किती परस्परविरोधी गोष्टी पोटात घेऊन बसलंय ते कळतं. इथे तोफखान्याचं प्रशिक्षण केंद्र आहे, शेजारी देवळालीला तोफखान्याची शाळा, ओझरला लढाऊ विमानांचा कारखाना. याच नाशिकरोडच्या तुरुंगात १९३३ च्या फेब्रुवारीत साने गुरुजींनी 'श्यामची आई' लिहिली. आणि जुन्या नाशकात २१ डिसेंबर १९०९ ला विजयानंद नाट्यगृहात अनंत कान्हेरे या कोवळ्या तरुणाने कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या आणि पुढच्या एप्रिलात तो फासावर गेला. हिंसा आणि अहिंसा यांचा वाद या गावाला पुस्तकातून शिकावा लागलेला नाही.

पंचवटीतला लॉज मात्र छळ करणारा निघाला. खोलीची खिडकी रिक्षाथांब्यावर उघडत होती, नळाला पाणी पहाटे तासभर, आणि पैसे आधी मोजून घेतलेले. सकाळी कपाळाला गंध लावलेला एक वाटाड्या मागे लागला. सीतागुंफा, तपोवन, रामकुंड, सगळं दोन तासांत दाखवतो म्हणाला. दाखवलंही. सीतागुंफेत वाकून शिरले, बाहेर आले. रामकुंडावर सिंहस्थाच्या तयारीच्या गप्पा ऐकल्या. ही ठिकाणं लाखो लोक भक्तिभावाने पाहतात, त्यांच्याबद्दल लिहिणारेही पुष्कळ आहेत. मी वाटाड्याला विचारलं, "काळारामाचा सत्याग्रह नेमका कुठल्या दरवाज्याशी झाला?" तो म्हणाला, "ताई, ते काही आमच्या यादीत नाही." मला फार वाईट वाटलं. त्याला यादी करून देणाऱ्या आपल्या सगळ्यांचं हे अपयश आहे.

काळाराम मंदिर पेशवाईतलं, सरदार रंगराव ओढेकरांनी बांधलेलं. काळ्या दगडाचं, उंच शिखराचं, भोवती भक्कम कोट आणि कोटाला चार दिशांना चार दरवाजे. मी आधी आत गेले नाही. कोटाच्या कडेकडेने एकेक दरवाजा पाहत फिरले.

२ मार्च १९३०, रविवार. अस्पृश्य मानलेल्यांना या मंदिरात प्रवेश मिळावा म्हणून सकाळी परिषद भरली, अध्यक्ष डॉ. बाबासाहेब आंबेडकर. दुपारी मिरवणूक निघाली. कीर तिची संख्या सुमारे पंधरा हजार देतात. रांग मैलभर लांब. नाशिकने एवढी मोठी मिरवणूक तोवर पाहिली नव्हती. लोक शिस्तीने, चारचारांच्या ओळींत चालत होते. पूर्वेच्या दाराशी आले तर दार बंद. मग बाकीच्या दारांशी गेले, तीही बंद, बाहेर पोलीस. मिरवणूक गोदावरीच्या घाटाकडे वळली आणि तिथे सभा झाली. दुसऱ्या दिवशी सत्याग्रहींची पहिली तुकडी चार दरवाज्यांशी बसली : १२५ पुरुष आणि २५ स्त्रिया. या २५ जणींची नावं शाळेच्या पुस्तकात असायला हवी होती.

त्याच २ मार्चला साबरमतीहून गांधीजींनी व्हाइसरॉय आयर्विनना पत्र धाडलं. पुढे दांडीयात्रा निघाली. दांडी प्रत्येक मुलाला ठाऊक आहे. त्याच महिन्यात, तितक्याच निःशस्त्र माणसांनी नाशकात धरलेलं धरणं किती जणांना ठाऊक आहे?

महिनाभर दारं बंद राहिली. मग चैत्री एकादशीचा रथोत्सव आला, ९ एप्रिल. रथ दोन्ही बाजूंच्या माणसांनी मिळून ओढायचा, असा समझोता ठरला. प्रत्यक्षात सत्याग्रही दोराला हात लावण्याआधीच मारामारी उकरून काढली गेली आणि रथ दुसऱ्या अरुंद वाटेने पळवला गेला. दगडांचा पाऊस पडला. पोलिसांचं कडं फोडून रथापाशी धावलेला कद्रेकर नावाचा भंडारी तरुण रक्ताच्या थारोळ्यात कोसळला. बाबासाहेबांवर सहकाऱ्यांनी छत्र्या धरल्या, तरी त्यांना लागलंच. देऊळ त्यानंतर वर्षभर बंद ठेवावं लागलं. आसपासच्या खेड्यांत सूड उगवला गेला तो वेगळाच : रस्ते बंद, दुकानातलं वाणसामान बंद, पोरांना शाळा बंद. एवढं सोसून भाऊराव गायकवाड, म्हणजे दादासाहेब, आणि त्यांचे साथी हा लढा वर्षानुवर्षं चालवत राहिले.

संध्याकाळी इतिहासाच्या एका निवृत्त प्राध्यापकांकडे गेले. चहा येण्याआधीच वाद सुरू झाला. "तुमच्या त्या मेनोनाइटांशी ही तुलना मला मान्य नाही," ते म्हणाले. "त्यांच्यासाठी प्रतिकार न करणं हाच धर्म. इथे ती लढ्याची रीत होती. गावोगाव विखुरलेली, जमीन नसलेली माणसं. हात उचलला असता तर चिरडली गेली असती. आणि रथाच्या दिवशी झटापट झालीच की."

मी म्हटलं, "सर, मेनोनाइटांची अहिंसा तरी आभाळातून पडली का? १५३४ मध्ये म्युन्स्टरला त्यांच्याच जवळच्या पंथीयांनी तलवारीच्या जोरावर धर्मराज्य उभारलं, आणि १५३५ मध्ये ते रक्तात बुडालं. मेनो सायमन्सची शस्त्रत्यागाची शिकवण त्याच्या लगोलग आली. अनुभवाने शिकलेली अहिंसा ती अहिंसा नव्हे का?"

"मुद्दा तो नाही," ते शांतपणे म्हणाले. "ते लोक जगापासून बाजूला झाले. सरकारी पद नको, न्यायालय नको, आपली वस्ती वेगळी. बाबासाहेबांना बाजूला व्हायचं नव्हतं. त्यांना गावाच्या मध्यभागी जागा हवी होती. उद्या त्रिरश्मीच्या डोंगरावर जा आणि तिसऱ्या लेण्यातला शिलालेख बघा. अहिंसेची स्तुती कोण करतं आणि कशासाठी, ते कळेल."

दुसऱ्या दिवशी पायऱ्या चढून गेले. लोक पांडवलेणी म्हणतात, पण ही बौद्ध भिक्खूंची विहारं. तिसऱ्या लेण्याच्या ओसरीत भिंतीवर तो प्रसिद्ध प्राकृत लेख आहे. वासिष्ठीपुत्र पुळुमावीच्या राज्याच्या एकोणिसाव्या वर्षी, राजाची आजी गौतमी बलश्री हिने हे लेणं भिक्खुसंघाला दान दिलं, त्याचा. सत्य, दान, क्षमा आणि अहिंसा यांत रमणारी, असं तिचं वर्णन त्यात आहे. तिचा मुलगा गौतमीपुत्र सातकर्णी याच्याबद्दल म्हटलंय की अपराध केलेल्या शत्रूचाही जीव घेणं त्याला आवडत नसे. आणि त्याच लेखात, त्याच राजाची थोरवी म्हणून सांगितलंय की त्याने क्षहरात वंश निःशेष केला. १९०६ मध्ये नाशिक जिल्ह्यातल्या जोगळटेंभीला तेरा हजारांवर नाणी सापडली. क्षहरात वंशातल्या नहपान राजाच्या त्या नाण्यांपैकी बहुतेकांवर गौतमीपुत्राने आपला छाप ठोकून घेतला होता. शत्रूच्या चेहऱ्यावर.

मी त्या ओसरीत बराच वेळ थांबले. ठरलेला कार्यक्रम त्र्यंबकेश्वरचा होता, तो सोडून दिला. प्राध्यापकांचं म्हणणं मला पटलं, आणि त्याच्या पुढची पायरीही दिसली. विजेता अहिंसेची स्तुती दगडात कोरून घेतो, कारण त्याला ती परवडते. जिचा कस लागतो ती अहिंसा दारातून हाकललेल्याची. काळारामाच्या दाराशी बसलेल्या बायकांची नोंद कुठल्या ओसरीत कोरलेली नाही, पण गौतमीपुत्राच्या क्षमेपेक्षा त्यांचा संयम मला थोर वाटतो.

परतताना शरणपूर रोडने गेले. इथे १८५० च्या दशकात चर्च मिशनरी सोसायटीच्या विल्यम सॉल्टर प्राइस यांनी ख्रिस्ती वसाहत वसवली. अरबी समुद्रात पकडलेल्या गलबतांवरून सोडवलेली आफ्रिकी गुलाम मुलं इथे वाढली, हुन्नर शिकली. त्यांच्यातलाच जेकब वेनराइट पुढे मिशनरी-प्रवासी लिव्हिंग्स्टनच्या शोधात आफ्रिकेत गेला. १८७३ मध्ये लिव्हिंग्स्टन वारले तेव्हा दफनाची प्रार्थना त्याने वाचली, आणि १८७४ मध्ये लंडनच्या वेस्टमिन्स्टर अॅबीत त्यांच्या शवपेटीला हात लावणाऱ्यांत तो होता. नाशकात शिकलेला, एकेकाळचा गुलाम. निराधाराला आसरा देणं ही श्रद्धेची मोठी कामगिरी आहे. धमतरीच्या मेनोनाइटांनी दुष्काळातल्या पोरांसाठी तेच केलं. पण आसरा गावाबाहेर देता येतो. समतेचं दार गावाच्या मध्यभागीच उघडावं लागतं, आणि ते उघडायला दयाळू माणसं पुरत नाहीत.

बाबासाहेबांनी हे ओळखलं होतं. १९३४ च्या मार्चमध्ये त्यांनी दादासाहेबांना कळवलं की मूर्तिपूजेची ओढ म्हणून हा लढा आपण उभारला नव्हता. आपल्या माणसांना आपल्या स्थितीची जाणीव व्हावी म्हणून उभारला होता. ते काम झालं, आता बळ शिक्षण आणि राजकारणाकडे लावायचं. १३ ऑक्टोबर १९३५ ला याच जिल्ह्यातल्या येवल्याला, हिंदू म्हणून मरणार नाही, ही घोषणा त्यांनी केली. मुंबई प्रांताचा मंदिरप्रवेशाचा कायदा आला १९४७ मध्ये; त्याच वर्षी मे महिन्यात साने गुरुजी पंढरपूरला विठ्ठलाच्या दारासाठी उपोषणाला बसले होते. दादासाहेब थांबले नाहीत. १९५९ मध्ये आणि पुन्हा १९६४ मध्ये त्यांनी भूमिहीनांचा सत्याग्रह उभारला आणि माणसं पुन्हा निःशस्त्रच तुरुंगात गेली.

डर्क विलेम्सला मी आजही वंदन करते. पण नाशिकहून मी एक मत पक्कं करून आले. प्रतिकार न करण्याची शिकवण मार खाणाऱ्याला देण्याचा अधिकार दार बंद करणाऱ्याला नाही. आपल्याकडे दंगल झाली की, वाद पेटला की शांततेचं आवाहन होतं, आणि ते नेहमी दाराबाहेर उभ्या असलेल्यांना उद्देशून असतं. आतल्यांना कुणी म्हणत नाही की दार उघडा, म्हणजे शांतता आपोआप नांदेल.

नाशिकला तुम्ही जालच. काळारामाचं दर्शन जरूर घ्या. त्याआधी मुलांचा हात धरून कोटाभोवती एक फेरी मारा, चारही दरवाजे दाखवा, आणि २ मार्च १९३० ही तारीख त्यांना सांगा. आपल्या शहरातली कुठली दारं अजून बंद आहेत, हेही त्यांना विचारू द्या.