भरल्या तलावाची दुरुस्ती

पिंपळे गुरवसारख्या पवनाकाठच्या वस्तीत जलतरण तलावाच्या गळतीची तक्रार निघाली, की गृहरचना संस्थेच्या कारभारी मंडळींचा पहिला हुकूम बहुधा तलाव रिकामा करण्याचा असतो. त्या हुकमाची तामिली तहकूब ठेवावी अशी मसलत देणे, हे मी माझ्या व्यवसायातील आद्य कर्तव्य मानतो. ज्या शहरात नोव्हेंबर २०१९ पासून नळाला दिवसाआड पाणी येते, तेथे २५ मीटर लांब, साडेबारा मीटर रुंद आणि सरासरी दीड मीटर खोल तलावाचे जवळजवळ ४ लाख ७० हजार लिटर पाणी गटारात सोडणे मनाला रुचत नाही, हे खरेच. परंतु त्याहून सबळ कारण जमिनीत आहे. पावसाळ्यात नदीकाठचे भूजल वर चढते, आणि आतील पाण्याचा भार गेला, की खालच्या दाबाने रिते पात्र उचलले जाऊन तडकण्याचे भय असते.

शिवाय पाण्याबरोबर पुरावाही वाहून जातो. पायरीवर तलावाच्याच पाण्याने भरलेली बादली ठेवून आतबाहेर खुणा कराव्यात. दिवसभराने तलाव बादलीहून अधिक उतरला, तर दोष उन्हाचा नव्हे. या आकाराच्या तलावात एका सेंटिमीटरचा उतार म्हणजे ३,१२५ लिटर! पंप चालू असतानाच उतार वाढत असेल, तर शुद्ध पाणी परत आणणारे नळ तपासावेत. एरवी दिव्यांच्या कडा, तळाची जाळी, फरशीचे सांधे. मग पंप बंद करून, पाणी पूर्ण संथ झाल्यावर, बुडी मारून संशयित सांध्याजवळ पिचकारीने रंगाचा थेंब सोडावा. हात स्थिर हवा, श्वास आवरलेला हवा. निरोगी जागी रंग ढगासारखा रेंगाळतो, सदोष जागी त्याची बारीक रेषा होऊन ती भिंतीत शिरते. ती रेषा पाहताना होणारा आनंद मला आजही नवा वाटतो.

पुढे चीर छिन्नीने किंचित रुंदावून, तारेच्या ब्रशाने शेवाळ व क्षार खरवडून, पाण्याखाली घट्ट होणाऱ्या इपॉक्सी पुटीचे दोन भाग एकजीव रंग येईतो मळावे, आणि गोळा मध्यापासून कडांकडे दाबत न्यावा, म्हणजे आत पाणी कोंडून राहत नाही. येथे घाई करणाऱ्यास मी कामावर ठेवत नाही.

पात्राचे काँक्रीटच दुभंगले असेल, तर मात्र ही पुटी तात्पुरती समजावी, आणि भूजल खाली गेलेल्या उन्हाळ्यात, तळाची दाबमोचक झडप तपासून, तलाव सावकाश उपसावा.