हप्त्याच्या पायऱ्या

"घर झाल्यावर येऊ असा नवस बोलले होते," असं सौ. दर वर्षी म्हणते. घर होऊन दहा वर्षं झाल्यावर आम्ही लेण्याद्रीला पोचलो.

वर जायला तीनशेच्या आसपास पायऱ्या. आमचं कर्ज 30 लाखांचं, व्याज 9 टक्के, मुदत 20 वर्षं, हप्ता 26,992. एका पायरीला एक हप्ता धरला तर 240 व्या पायरीवर मी मोकळा! 120 व्या पायरीला टेकलो, म्हटलं, निम्मं फिटलं. खिशातून बँकेचा तक्ता काढला (लोक आरत्यांचं पुस्तक नेतात). बाकी मुद्दल 21 लाख 31 हजार! पहिल्या हप्त्यातले 22,500 व्याजानेच खाल्ले होते. मुद्दलाच्या वाट्याला 4,492. अखेरपर्यंत भरायचे पावणेपासष्ट लाख.

वर गणपतीच्या लेण्याच्या आतल्या दालनात एकही खांब नाही, भोवती भिक्षूंच्या वीस खोल्या; हप्ता कुणालाच नाही. नाशिकच्या लेण्यात मात्र उषवदाताचा लेख आहे : विणकरांच्या श्रेणीकडे 2,000 कार्षापण ठेवले, व्याज महिना शेकडा एक, मुद्दल कधीच परत करायचं नाही. ते विणकर मला एकदम नात्यातले वाटले.

"पहिल्या वर्षअखेर लाखभर जादा भरले असते," मी सौ.ला म्हणालो, "तर शेवटचे एकोणीस हप्ते गळाले असते."

"भरणारच होतो की," ती म्हणाली. "तुम्हीच म्हणालात, आधी सोफा घेऊ."