वीस वर्षांचा हप्ता आणि फळ्यावर राहून गेलेलं उदाहरण



आज पाठ आठवीचाच आहे, चक्रवाढ व्याजाचा. पण यातली विद्यार्थिनी मी आहे. थोडं लाजत सांगते, कारण मी गणित शिकवते.

मार्च २०२३ ची गोष्ट. वर्गात चक्रवाढ व्याज चालू होतं. मुद्दल, रास, द.सा.द.शे., सगळं फळ्यावर मांडून झालं होतं. मुलं सूत्रात किमती घालून उत्तरं काढत होती. तेवढ्यात दुसऱ्या बाकावरच्या एका मुलीने हात वर केला.

"बाई, माझ्या पप्पांनी घरासाठी कर्ज काढलंय. वीस वर्षांचं. मग ते बँकेला एकूण किती पैसे देणार?"

मी म्हटलं, "हप्ता गुणिले दोनशे चाळीस. काढ बघू."

तिने काढलं आणि ती गप्प झाली. मग म्हणाली, "बाई, हे तर दुपटीच्या वर जातंय. पप्पांना माहीत असेल का?"

"असेल की," असं म्हणून मी पुढच्या उदाहरणाकडे वळले. पण तो प्रश्न दिवसभर डोक्यातून जाईना. कारण माझ्याही घराचं कर्ज चालू होतं, आणि हा साधा गुणाकार मी स्वतः कधीच केला नव्हता.

आम्ही फ्लॅट घेतला जानेवारी २०२१ मध्ये. तेव्हा मुद्रांक शुल्कात राज्य सरकारची सवलत चालू होती, ती मार्चअखेर संपणार होती. गृहकर्जाचे दरही बरेच खाली आले होते. सगळे म्हणत होते, आता नाही तर कधीच नाही. सुरुवातीची रक्कम थोडी शिलकीतून आणि थोडी शिक्षक पतसंस्थेतून उभी केली. बँकेकडून २५ लाख घेतले, ७ टक्के दराने, २० वर्षांसाठी. हप्ता १९,३८२ रुपये. माझं वय तेव्हा ३८. म्हणजे ५८ ला निवृत्ती आणि त्याच वर्षी कर्ज फिटणार. किती छान जुळलं, असं आम्ही दोघंही म्हणालो होतो. आम्ही बघितलं ते एवढंच, की दर महिन्याला १९,३८२ रुपये झेपतील का?

त्या संध्याकाळी कर्जाचा उतारा काढून बसले. २६ हप्ते गेले होते, म्हणजे पाच लाखांहून थोडे जास्त रुपये. आणि शिल्लक कर्ज? २४ लाख. पाच लाख भरून कर्ज कमी झालं होतं एक लाखाने!

आधी वाटलं, बँकेची काहीतरी चूक असणार. पण चूक नव्हती, मी उतारा नीट वाचलाच नव्हता.

हप्त्याच्या पोटात काय असतं?

हे मुलांना समजावतो तसंच समजून घेऊ. आकडे सोपे धरू: कर्ज १० लाख, दर ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता येतो ८,६७८ रुपये. (तुमचं कर्ज ३० लाख असेल तर सगळे आकडे तिप्पट करा.)

पहिल्या महिन्याचं व्याज काढा. १०,००,००० × ८.५ ÷ १०० ÷ १२ = ७,०८३ रुपये. हप्ता ८,६७८. म्हणजे मुद्दलात गेले फक्त १,५९५ रुपये. पुढच्या महिन्यात व्याज लागेल ९,९८,४०५ रुपयांवर. ते थोडं कमी होईल आणि मुद्दलात थोडे जास्त जातील. हे असं २४० वेळा.

इथे मुलं एक प्रश्न हमखास विचारतात, "मग हे चक्रवाढ आहे का?" तुम्ही हप्ता वेळेवर भरलात तर व्याजावर व्याज चढत नाही, कारण त्या महिन्याचं व्याज त्याच महिन्यात फिटतं. पण मुद्दल इतकं हळू उतरतं, की व्याज वर्षानुवर्षं जवळजवळ पूर्ण रकमेवरच लागत राहतं.

आता पुढचे आकडे बघा. पाच वर्षांत तुम्ही भरता ५ लाख २० हजारांच्या वर, आणि कर्ज कमी होतं सुमारे १ लाख १९ हजारांनी. हप्त्यात व्याजापेक्षा मुद्दलाचा वाटा मोठा व्हायला जवळजवळ १२ वर्षं लागतात. निम्मं कर्ज फिटतं १३ वर्षं १० महिन्यांनी. वीस वर्षांत एकूण भरणा २० लाख ८३ हजार, म्हणजे १० लाखांच्या घरासाठी निव्वळ व्याजच १० लाख ८३ हजार. त्या मुलीचा हिशेब अगदी बरोबर होता.

हप्ता कमी म्हणजे कर्ज स्वस्त?

हीच रक्कम, हाच दर. मुदत फक्त बदलू.

१५ वर्षं: हप्ता ९,८४७, एकूण व्याज ७ लाख ७३ हजार.
२० वर्षं: हप्ता ८,६७८, एकूण व्याज १० लाख ८३ हजार.
३० वर्षं: हप्ता ७,६८९, एकूण व्याज १७ लाख ६८ हजार.

वीसची तीस वर्षं केली तर हप्ता महिन्याला हजारानेसुद्धा कमी होत नाही, पण व्याज जवळजवळ सात लाखांनी वाढतं. तरी घर घेताना आपण विचारतो काय? "साहेब, हप्ता अजून थोडा कमी बसेल का?" आणि साहेब बसवून देतात. ते त्यांचं काम करतात. एकूण किती जाणार, हा प्रश्न विचारणं आपलं काम आहे.

मुदत कधी लांबली?

आता माझ्या घोळाकडे येते. माझा दर बदलता होता, म्हणजे रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराला बांधलेला. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर गेला. अडीच टक्क्यांची वाढ. माझा ७ चा दर ९.५ वर पोचला. पण हप्ता? १९,३८२ च. मी मनात खूश होते. दर वाढले तरी आपला हप्ता वाढला नाही!

आता गणित करा. २४ लाखांवर ९.५ टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज होतं १९,००० रुपये. हप्ता १९,३८२. मुद्दलात किती गेले? ३८२ रुपये.

मी कॅल्क्युलेटरवर तीनदा करून बघितलं. या गतीने कर्ज फिटायला अजून चाळीसहून जास्त वर्षं लागली असती. माझं वय तेव्हा ४०. बँक इतकी मुदत वाढवत नाही, मर्यादा आली की हप्ता वाढवते, हे नंतर शाखेत कळलं. पण तोपर्यंत कर्जाची शेवटची तारीख मुकाट्याने पुढे सरकत राहते. बँकेचे संदेश मोबाइलवर आले होते. ते मी उघडलेच नव्हते.

आपल्यातले जे १ नोव्हेंबर २००५ नंतर नोकरीला लागले त्यांना वेगळं सांगायला नको. मी २००७ ची. जुनी पेन्शन मला नाही. निवृत्तीनंतर कर्जाचा हप्ता चालू राहणं म्हणजे काय, याचा विचार त्या रात्री पहिल्यांदा केला. झोप लागली नाही. सकाळी मिस्टरांना उतारा दाखवला. ते म्हणाले, "तू गणिताची बाई ना गं?" हसले ते, पण मला हसू आलं नाही.

मग काय केलं?

शाखेत गेलो. मुदत पूर्वीचीच ठेवायची तर उरलेल्या २१४ महिन्यांसाठी हप्ता सुमारे २३,३०० रुपये करावा लागणार होता. महिन्याला जवळजवळ चार हजार जास्त. बसून घरखर्च लिहून काढला. नवीन गाडीचा विचार पुढे ढकलला. हप्ता वाढवून घेतला.

दुसरं ठरवलं, महागाई भत्त्याची थकबाकी आली की ती थेट मुद्दलात टाकायची. याचा परिणाम किती होतो, ते मघाच्याच १० लाखांच्या उदाहरणात बघा. पहिल्या वर्षाअखेर ५० हजार रुपये जास्तीचे भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे सुमारे २६ हप्ते वाचतात. म्हणजे सव्वादोन लाखांहून जास्त. तेच ५० हजार पंधराव्या वर्षाअखेर भरले तर वाचतात साडेआठ हप्ते, म्हणजे ७४ हजारांच्या आसपास. रक्कम तीच, फरक फक्त वेळेचा. आणि वैयक्तिक गृहकर्ज बदलत्या दराचं असेल तर मुदतीआधी पैसे भरल्याबद्दल बँकेला दंड घेता येत नाही. हे अनेकांना माहीत नसतं, मलाही नव्हतं.

तिसरं, फेब्रुवारी ते जून २०२५ मध्ये रेपो दर एकूण १ टक्क्याने उतरला, तेव्हा हप्ता कमी करून घेतला नाही. तोच ठेवला आणि मुदत कमी होऊ दिली.

मोजताना सुटणाऱ्या गोष्टी

कर्जाबरोबर विमा दिला जातो आणि त्याचा हप्ता पुष्कळदा कर्जाच्याच रकमेत मिळवतात. ४० हजारांचा विमा ८.५ टक्क्यांनी २० वर्षं फेडला तर तो ८३ हजारांना पडतो. विमा वाईट नाही, घरात कमावणारं माणूस एक असेल तर तो हवाच. पण शक्य असेल तर त्याचे पैसे वेगळे भरा.

दुसरं म्हणजे करसवलत. "व्याजावर सूट मिळते, मग कर्ज लवकर कशाला फेडायचं?" असं स्टाफरूममध्ये मीही म्हणत असे. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते. पण २० टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचे १०० रुपये व्याजात गेले, तर करात वाचतात साधारण २०. उरलेले ८० गेलेच ना? आणि नवीन करप्रणालीत राहत्या घराला ही वजावट मिळतच नाही.

शिवाय मुद्रांक शुल्क, नोंदणी, सोसायटीचा मेंटेनन्स, घरपट्टी. हे सगळं हप्त्याच्या बाहेर असतं.

आता तुम्ही म्हणाल, मग घर घेऊच नये का? तसं मी म्हणणार नाही. भाडंही वाढतच असतं. पगार वाढतो, तसा आज जड वाटणारा हप्ता दहा वर्षांनी हलका वाटतो. आणि दर अकरा महिन्यांनी करार, सामानाची बांधाबांध, मुलांची शाळा बदलण्याची धास्ती, हे सगळं आम्ही भोगलंय. माझ्या सासूबाईंनी आयुष्यात पहिल्यांदा स्वतःच्या गॅलरीत तुळस लावली. तिची किंमत कुठल्या उताऱ्यात येत नाही. मी पुन्हा घर घेतलंच असतं. फक्त सही करण्याआधी २४० ने गुणून बघितलं असतं.

पालकांसाठी आणि वर्गासाठी

पालकहो, आज रात्री एवढंच करा. कर्जाचा उतारा उघडा आणि चार आकडे कागदावर लिहा: शिल्लक मुद्दल, आजचा दर, गेल्या हप्त्यातलं व्याज आणि उरलेले हप्ते. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने नियम केला आहे, की बदलत्या दराच्या हप्तेबंद कर्जात दर बदलला तर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडण्याचा पर्याय बँकेने ग्राहकाला द्यायला हवा. उरलेल्या हप्त्यांची संख्या दर तिमाहीला कळवायलाही हवी. तेव्हा विचारायला संकोच करू नका.

शिक्षक मित्रांनो, दहावीच्या अंकगणिती श्रेढीत कर्जाच्या हप्त्यांची उदाहरणं येतात. त्याला जोडून एक तास हे करून घ्या. १० लाखांच्या कर्जाचे पहिले सहा महिने मुलांना तक्त्यात मांडू द्या: शिल्लक, व्याज, मुद्दल, नवी शिल्लक. भागाकार-गुणाकाराशिवाय यात काही लागत नाही. मात्र कोणाच्या घरी किती कर्ज आहे, हे वर्गात विचारू नका. घरची गोष्ट घरीच राहू द्या.

त्या मुलीला उत्तर द्यायला मला चार दिवस लागले. मी वर्गात सांगितलं, "तुझा हिशेब बरोबर होता. बाईंनी स्वतःच्या कर्जाचा तो केला नव्हता. आता केला." मुलं हसली. मग तिने घरी जाऊन वडिलांसोबत बसून उतारा वाचला. दुसऱ्या दिवशी येऊन म्हणाली, "बाई, पप्पा म्हणाले, दिवाळीचा बोनस मुद्दलात टाकू."

माझ्या वर्गातलं तेवढं एक उदाहरण त्या वर्षी खरोखर सुटलं.